ओळख न देणारी वसूताई

प्रिय वसूताई,

उद्या फिल्म क्लबची माणसं तुझ्या कॅसेट न्यायला येणार, म्हणून आज तुझं कपाट उघडलं. तुला जाऊन दीड महिना झाला, तरी भीत भीतच. कॅसेटला कसलं भ्यायचं, म्हणशील. मी तुलाच भ्यायचे गं!

बँकेतली नोकरी सोडून तू व्हिडिओ कॅमेरा घेतलास. आपल्या नल्लकुंटा मोहल्ल्यात नुकतंच घरोघरी केबल आलं होतं. बाबांना वाटलं, लग्नांची शूटिंग करशील. पण तुझ्या सिनेमात माणूस एकच, तू! कधी गजरेवाली, कधी नवऱ्यानं टाकलेली, कधी चक्क आपली आई. तिची साडी नेसून, तिच्याच आवाजात "कुमे, ताटं घे" म्हणालीस आणि माझ्या हातून पातेलं पडलं. आईला जाऊन वर्षही झालं नव्हतं. असं करतात का?

सिनेमा पाहून कुणी भेटायला आलं, तर "वसुधा गावाला गेलीय, मी तिची चुलतबहीण" असं सांगून त्यांना दारातूनच वाटेला लावायचीस.

आणि नामपल्ली स्टेशन? नाव-गाव विसरलेली बाई होऊन बाकावर बसलीस, कॅमेरा पिशवीत लपवून. पोलिसांना तुझ्या पदराच्या गाठीत आपल्या शेजाऱ्यांचा फोन नंबर सापडला. मी धावत आले. हवालदारानं तुला विचारलं, "ये तुम्हारे कौन होते, अम्मा?"

तू माझ्याकडे नीट बघून म्हणालीस, "मैं इनकू नै पहचानती."

बाबांनी रेशनकार्ड आणलं, तेव्हा सोडलं तुला. रिक्षातही तू तीच बाई! घराच्या जिन्यावर मात्र हसलीस. "घाबरलीस? तुझा चेहरा काय सुंदर आलाय!" त्यानंतर रोज सकाळी मी आधी तुझे डोळे बघायचे. आज ही कोण?

म्हणूनच चुकले गं. त्या शेवटच्या दिवशी दवाखान्यात ताप तुझ्या डोक्यात गेला होता. "आपण कोण?" असं मला विचारलंस. मी चिडले, "ताई, इथं तरी नाटक नको!" आणि बाहेर जाऊन बसले. तू हाक मारशील म्हणून वाट बघत होते. हाक नर्सनं मारली.

आज नामपल्लीची कॅसेट लावली. सुरुवातीला तू घरीच आरशासमोर आहेस. टिकली लावतेस, काढतेस, परत लावतेस. स्वतःशीच म्हणतेस, "आणि कुमी आलीच नाही तर?"

ताई, तुलाही भीती वाटायची? मग एकदा तरी सांगायचंस ना!

उद्या त्या लोकांना सांगेन, चार दिवसांनी या. आधी मी सगळ्या कॅसेट बाबांबरोबर बघणार. त्यांना आता नीट दिसत नाही. प्रत्येक बाई आली की विचारतील, "ही कोण गं?" मला भीती वाटेल, पण उठून जाणार नाही. दर वेळी सांगेन, "बाबा, ही आपली वसू."

तुझीच,
कुमी