गॅलियमचा चमचा आणि यम्नाचा वर्ग

४ मे, रविवार
आजपासून रोजनिशी. आयुष्यात पहिल्यांदाच लिहिण्यासारखं काही घडतंय. यम्नाच्या शाळेत २२ तारखेला 'एलिमेंट डे' आहे. आठवीच्या मुलांच्या पालकांनी वर्गात येऊन एकेका मूलद्रव्यावर दहा मिनिटं बोलायचं. यम्नाने आधी तिच्या मामाला विचारलं. तो अजमानला फार्मसीत असतो, त्यामुळे त्याला केमिस्ट्री येते असा घरात समज आहे. त्याला सुट्टी मिळाली नाही. मग मला विचारलं.
हल्ली पोरीच्या लेखी मी फक्त ड्रायव्हर. शाळेत सोड, ट्यूशनहून आण, खलास. मला याचं फार वाईट वाटतं. भाषणानंतर चित्र पालटेल.

५ मे
यम्नाची सूचना: "पपा, जस्ट डू ॲल्युमिनियम. यू सेल विंडोज. इट्स ईझी."
ॲल्युमिनियम! चौदा वर्षं शारजा इंडस्ट्रियल एरियात खिडक्यांच्या चौकटी विकतोय. शाळेतही तेच? जी वस्तू घरोघरी चपात्या गुंडाळायला वापरतात, तिला टाळ्या कोण वाजवणार? ठाम नकार दिला.

६ मे
यम्नाच्या वर्गातल्या मिहिकाचे वडील अरुण हेलियमवर बोलणार. ते हॉस्पिटलांतली एमआरआय मशिनं दुरुस्त करतात आणि ती मशिनं थंड ठेवायला हेलियम लागतो म्हणे. शिवाय वर्गभर फुगे आणणार आहेत. विज्ञानात फुगे आणणं मला बरं वाटत नाही.
मला मात्र गॅलियम सापडलं. व्हिडिओ पाहिला. चकचकीत चमचा गरम चहात बुडवला की वितळून तळाशी बसतो. ताबडतोब ऑर्डर केला. साठ दिरहम. शहरबानू म्हणाली, म्हणजे चौदाशे रुपये, आणि तोही वितळणारा चमचा. बायकोला शास्त्रीय दृष्टी नाही.

८ मे
पार्सल दिवसभर वॉचमनच्या केबिनबाहेर उन्हात होतं. उघडलं तर डबीत चमचा नाही, चंदेरी पाणी. कस्टमर केअरला फोन लावून चांगलंच झापलं. तिथली मुलगी शांतपणे म्हणाली की सर, गॅलियम तीस डिग्रीला वितळतं आणि बाहेर बेचाळीस आहे, फ्रिजमध्ये ठेवा. मला हे माहीत होतंच. तिला माहीत आहे का, ते पाहत होतो.

१० मे
गोठलं. चमच्याचा आकार गेला, आता चौकोनी वडी आहे. वडीही वितळतेच. शहरबानूने ती बांगडा माशांच्या डब्याशेजारी ठेवायला मनाई केली, म्हणून लोणच्यामागे ठेवली.
यम्ना आपणहून किचनमध्ये आली. वडी तळहातावर घेतली, कडा ओघळायला लागल्या तशी हसली. म्हणाली, पिरियॉडिक टेबलमध्ये गॅलियम बरोबर ॲल्युमिनियमच्या खाली आहे. त्याचा शोध लागायच्या आधीच एका रशियन शास्त्रज्ञाने ती जागा रिकामी सोडली होती आणि तिथे कोण येणार, कसं असणार, हेही सांगून ठेवलं होतं. फार दिवसांनी ती माझ्याशी एवढं बोलली. जाताना म्हणाली, "पपा, कीप इट अवे फ्रॉम युअर सॅम्पल्स, ओके?" मी ओके म्हटलं. पोरीला माझ्या सॅम्पल्सची काळजी आहे, हे पाहून भरून आलं.

१३ मे
भाषण लिहून झालं. नऊ पानं. सुरुवात विश्वाच्या जन्मापासून. शहरबानूला वाचून दाखवलं. पृथ्वी तयार व्हायच्या आत ती झोपली. रोज आरशासमोर सराव करायचा, एकही दिवस चुकवायचा नाही.

१४ मे
सराव चुकला. ट्रॅफिक.

१८ मे
सराव उद्यापासून. मात्र आयत्या वेळी विसरायला नको म्हणून डबी आजच ऑफिसच्या बॅगेत ठेवली. बॅगेत तसं काही नाजूक नाही, फक्त चौकटीच्या कोपऱ्याचं सॅम्पल. दिवसभर गाडी उन्हात होती. इंडस्ट्रियल एरियात सावली फक्त मालकांच्या गाड्यांना मिळते.

२० मे
वाईट दिवस. आमचे साहेब वासिफभाई आणि मी एका व्हिलाच्या मालकाकडे गेलो. मोठी ऑर्डर होती. मी सॅम्पल पुढे केलं आणि नेहमीचं वाक्य म्हटलं की सर, यावर हत्ती उभा केला तरी हलणार नाही. त्यांनी अंगठ्याने जरासं दाबलं. कोपरा खारीसारखा मोडून गालिच्यावर पडला. मालकांनी चहा मागवला होता, तोही परत पाठवला.
परतीच्या वाटेवर वासिफभाईंनी रेडिओवरच्या बातम्या मोठ्याने लावल्या. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. गाडीत बॅग पाहिली. डबीचं झाकण सैल, आत जेमतेम एक थेंब.
माझं मत: फॅक्टरीतून मालच कच्चा आला. उद्या कडक ईमेल करणार.

२१ मे
ईमेल केला नाही. नवीन गॅलियम उद्याच्या आत मिळत नाही. भाषण पाठ नाही. यम्नाला काही सांगितलं नाही. नऊ पानं आहेत, बघून वाचेन. इन्शाल्ला निभावेल.

२२ मे, गुरुवार
अरुणरावांचे फुगे छताला लागले होते. मग माझं नाव पुकारलं. टेबलापाशी गेलो, गुड मॉर्निंग म्हटलं, बॅग उघडली. आत मोडका कोपरा. नऊ पानं डायनिंग टेबलावर राहिली होती. विश्वाच्या जन्मातलं पहिलं वाक्यसुद्धा आठवेना. मागच्या बाकावर कोणीतरी फिस्सकन हसलं. पोरीची मान माझ्यामुळे खाली जाणार, एवढंच डोक्यात होतं.
यम्ना उठली. "मिस, कॅन आय?" म्हणत पुढे आली, हातात लॅबचे ग्लव्हज घातले आणि माझ्या हातातून तुकडा घेतला. गॅलियम ॲल्युमिनियमच्या कणाकणांमध्ये कसं शिरतं, वरून धातू तसाच दिसतो पण आतून धरून ठेवणारं काही उरत नाही, ते विमानात न्यायला का देत नाहीत, सगळं फडाफडा सांगितलं. मध्येच मला विचारलं, कापलेल्या कडेला कोटिंग असतं का. मी एका शब्दात उत्तर दिलं. "एक्झॅक्टली, दॅट्स व्हेअर इट गॉट इन," म्हणाली आणि उरलेला कोपरा दोन बोटांनी चुरला. पोरं बाकांवर चढली. अरुणराव उभे राहून टाळ्या वाजवत होते. मला रडू येईल असं वाटलं, इतका मी खूश होतो.
घरी येऊन शहरबानूला सांगितलं की माझं भाषण अतिशय गाजलं. तिने विचारलं, "तुम्ही काय बोललात?"
मी आठवून पाहिलं. म्हटलं, "गुड मॉर्निंग."
"आणि?"
"आणि नो."