पन्हळीपर्यंतची रेघ

१६ जानेवारी १९८४, सोमवार
शैलाचा डी.एड.चा परीक्षा-पाठ ३० तारखेला. पहिल्या पाठात नापास. शेरा : वर्ग बोलता झाला नाही. हाही गेला तर पोरीचं वर्ष गेलं. विषय : बंद आकृती, इयत्ता तिसरी. सरावाला विद्यार्थी म्हणून मला समोर बसवलं. गावच्या शाळेत चौथीपर्यंत शिकलो, भूमिती वाट्याला आलीच नाही. तिसरीत खपून जातो.
पाटीवर सहा आकृत्या काढल्या. "यातल्या बंद कुठल्या?"
मी एका बाजूने तुटलेल्या चौकोनावर बोट ठेवलं. "ही. मध्येच थांबली. पुढे काम नाही."
हसली. मग हसू गेलं. म्हणाली, "बाबा, बंद म्हणजे मिल नव्हे."
संपात आमची मिल बंद पडून दोन वर्षं झाली. घरात, चाळीत बंद म्हणजे तेच. दुसरा अर्थ मनात आलाच नाही.

१८ जाने.
शैलाने माझी चूक टाचणात घेतली. म्हणते, वर्गात निम्मी मुलं मिलवाल्यांची, तीही असंच म्हणतील. म्हणून आधी 'बंद' या शब्दाचाच उलगडा. चूक कामाला आली, बरं वाटलं.
व्याख्या तिच्या पुस्तकातली, मला पाठ झाली : रेघ जिथून निघाली तिथेच येऊन मिळाली की आकृती बंद.
साकीनाक्याला दिवसभर रबराचे वॉशर कापतो. आज प्रत्येक वॉशरकडे बघत बसलो. बाहेरची कड बंद, भोकाची कडही बंद. शेजारच्या मशीनवरचा पाटील म्हणाला, "काय रे, वॉशरला नमस्कार करतोस काय?"

२२ जाने., रविवार
बोलू नये ते बोललो.
सकाळी नेहमीप्रमाणे टेकडीखालच्या शंकराला गेलो. शंकराची प्रदक्षिणा पुरी करत नाहीत. नंदीपासून निघायचं, अभिषेकाचं पाणी बाहेर पडतं त्या पन्हळीपर्यंत जायचं. ती ओलांडायची नाही. आल्या वाटेने मागे फिरायचं, उलट्या बाजूने पन्हळीच्या दुसऱ्या अंगाला यायचं, पुन्हा मागे फिरून नंदीपाशी. लहानपणापासून करत आलो, कधी विचार केला नाही. आज पन्हळीपाशी पाय थबकले. मी निघालो नंदीपासून, पोचलो नंदीपाशी. पुस्तकाप्रमाणे आकृती बंद. पण पन्हळीची वाट तर मोकळीच. पाणी आतून बाहेर येतंच आहे. मग बंद कशी?
घरी येऊन शैलाला विचारलं. तिने पाटीवर काढून बघितलं, पुसलं, पुन्हा काढलं. मग पाटी बाजूला ठेवली.
"बाबा, मला मार्क हवेत. देऊळ नको."
सौ. चुलीपाशी होती. "तिका लिवूक देवा. तुमचा काय मधीच?"
खरंच, माझं काय मध्येच.

२३ जाने.
शैलाने टाचणाचा कागद फाडलेला दिसला. विचारलं नाही.

२५ जाने.
शंकरापुढे उभा राहून म्हटलं, माझी शंका मागे घेतो, पोरीला पास कर. म्हटलं खरं. पण शंका मागे घेता येते का? एकदा दिसलं ते...

२६ जाने.
सुट्टी. शैला आपणहून देवळात आली, हातात सुतळी. पुजारीबुवांनी विचारलं, "काय गं, देवाला मोजतेस?" ती म्हणाली, "नाही बुवा, देवाकडूनच शिकतेय."
सुतळीचं एक टोक नंदीपाशी मला धरायला दिलं. दुसरं घेऊन ती माझ्यासारखीच चालली, पन्हळ न ओलांडता, दोन्हीकडून मागे फिरून. परत आली तेव्हा दोन्ही टोकं माझ्या हातात. "आता ओढा." ओढली. सगळी सुतळी सरसरत माझ्याकडे आली. गाभारा तिच्यात अडकलाच नाही.
मग ओट्यावर एक खडा ठेवला, त्याच्याभोवती सुतळीचा पुरा फेरा घातला. ओढल्यावर खडा आत सापडला.
"टोकं जुळली एवढ्याने होत नाही, बाबा. काहीतरी आत आलं पाहिजे. आत वेगळं, बाहेर वेगळं."
मी म्हटलं, "पण पुस्तकात..."
"ते मला माहीत आहे."
घरी परतताना घाटकोपरच्या आमच्या टेकडीच्या पायऱ्यांवर प्रथमच ती पुढे आणि मी मागे.

३० जाने., सोमवार
पाठ झाला. कामावरून आलो तर ती कपडे वाळत घालत होती. पाठमोरी राहूनच तिने सांगितलं.
वर्ग बोलला. एका मुलीने तुटक्या चौकोनाला 'बंद' म्हटलं, अगदी माझ्यासारखं. मग सुतळी, मग खडा. मुलं बाकांवर उभी. घंटा झाल्यावर तपासायला आलेल्या बाईंनी विचारलं, "पुस्तकातली व्याख्या फळ्यावर का नाही?"
"ती अपुरी वाटली, बाई."
"कुणाला?"
"वडलांना. मग मलाही."
शंकराच्या प्रदक्षिणेचं सांगितलं. बाईंनी सुतळी मागून घेतली, स्वतःच्या बोटाभोवती फिरवून बघितली. वहीत दोन ओळी लिहिल्या, वही मिटली. काय लिहिलं ते कळलं नाही. निकाल पंधरा दिवसांनी.
मी म्हटलं, "माझं नाव कशाला घेतलंस? स्वतःचं म्हणून सांगायचंस."
"तुमचं होतं ना."

३ फेब्रु.
सौ. विचारते, पास होईल ना? मी हो म्हणतो. हो म्हणायला माझं काय जातं. पाठ गेला तर तिचं वर्ष जाईल, माझ्या एका शंकेपायी. तरी तिने व्याख्या लिहायला हवी होती असं म्हणवत नाही.

१३ फेब्रु., सोमवार
निकाल उद्या. आज देवळात काही मागितलं नाही. नंदीपासून निघालो. पन्हळीपाशी थांबलो. नुकताच अभिषेक झालेला, पाणी वाहत होतं. पलीकडच्या अंगाला शैला उभी, तिकडून आलेली. मध्ये हातभर अंतर. तिने ओलांडलं नाही, मीही नाही.
"उद्या माझ्याबरोबर याल?" तिने पन्हळीवरून विचारलं.
आजवर तिच्या कॉलेजच्या फाटकाच्या आत गेलेलो नाही. हो म्हटलं. मग दोघेही आपापल्या बाजूने मागे फिरलो.