बाबांचा निळा शर्ट

आई, लांबूनच पाया पडते.

मी ठीक आहे, वेळेवर जेवते. हात दुखतात, पण पुस्तकं शिवणाऱ्या सगळ्यांचेच दुखतात.

सोबत पाठवलेल्या या पुस्तकात मी घरामागची टेकडी काढलीय. पानं उलगडली की टेबलभर पसरते. पायवाटेवर बाबा पुढे, आपण दोघी मागे.

बाबा गेल्यावर तू पाठवलेला त्यांचा निळा शर्ट याच्या कव्हरच्या पुठ्ठ्यावर चढवायला काढला. कापड आधी धुवावं लागतं, नाहीतर आटतं. सवयीने धुऊन टाकला. वाळल्यावर नाकाशी धरला, तर नुसता साबणाचा वास.

साधा रुमालही धुतल्याशिवाय न देणारी तू. शर्ट तसाच का पाठवलास, ते तेव्हा कळलं.

गुडघा कसा आहे? दादा दवाखान्यात नेतो ना?

कपाटात त्यांचा आणखी एखादा शर्ट असेल, तर मला पाठवू नकोस. तुझ्याजवळच ठेव. आणि धुऊ नकोस.

तुझी दमलेली
धाकटी