राखणेचा कोंबडा

बाबा, कोंबड्याचं मी केलं ते बरोबरच केलं. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी आपल्या कापडे गावात अजून कुणीतरी म्हणतंच, हिने भर राखणेत, देवाला कोंबडा द्यायच्या दिवशी, बापाला खाली बघायला लावलं. म्हणू दे. चौथीपर्यंत शिकले, अक्षर वेडंवाकडं आहे, तरी लिहिते.

नवऱ्याने टाकल्यावर माहेरी आले तेव्हा खळ्यामागची जागा तुम्हीच दिलीत. तिथे शेड घातली, महाडहून बॉयलरची पिल्लं आणली. चार बॅच चांगल्या गेल्या. पाचवीला पक्षी खाईनात, अंगाला टोचून स्वतःचीच पिसं उपटायला लागले. एक उचलून शेपटीखाली फुंकर मारली, तर उवा पळतायत, पिसांच्या बुडाला लिखांचे गठ्ठे. तुम्ही दारातून म्हणालात, शेजारपाजार ऐकत असताना, "टाकलेल्या बाईच्या हाताला यश नाय. ही घाण तुझ्या म्हाडच्या पिल्लांची हाय. राखण झाली की शेड मोड."

शेड मोडून मी कुठे जाणार होते? भावजयीच्या चुलीपुढे ताट घेऊन बसणार होते?

पोलादपूरला गुरांच्या डॉक्टरांकडे गेले. ते म्हणाले, ही पिल्लं मशीनमध्ये निघतात, कोंबडीच्या अंगाखाली जातच नाहीत, मग ऊ येईल कुठून? गावठी पक्षी शेडमध्ये शिरतो का? शिरत नव्हता, तुम्ही सोडत होतात. देवाच्या राखणेसाठी वाढवलेला तो तांबडा कोंबडा रोज दुपारी माझ्या शेडमध्ये, बॉयलरचं खाद्य खाऊन वजनाला भरावा म्हणून. काही बोलले की वर ऐकवायचात, "देवाच्या तोंडचं मोजतेस काय गो?"

डॉक्टरांनी पावडर दिली. पिसं उलटी करून चोळायची. आणि ते सांगतील तितके दिवस तो पक्षी कापायचा नाही.

राखणेचा दिवस. भावकी जमलीय, नारळ मांडलाय, तुम्ही कोंबडा काखेत धरून उभे. मी तो ओढून घेते, शेपटी वर करते, पिसं फाकवते. उवा माझ्या मनगटावर चढतात. सगळे वाकून बघतात. चुलतकाका म्हणतो, "आयला, देवाच्या अगोदर यांचीच पंगत बसली." दोघंतिघं हसतात. तुम्ही नाही.

"देवाच्या कोंबड्याला हात लावलास?"

"हात नाय, पावडर लावते," मी म्हणाले, आणि सगळ्यांसमोर चोळली. आता तो कापता येणार नव्हता. तुम्ही नुसता नारळ फोडलात. मी त्याच दुपारी शेडमधला एकेक पक्षी धरून चोळला, खालचा भाताचा तूस सगळा काढून नवा टाकला, मागाहून लिखा फुटतात म्हणून दहा-बारा दिवसांनी परत सगळं केलं. बॅच वाचली. शेड मोडायचं तुम्ही पुन्हा काढलं नाहीत. माझ्याशी बोलणंही काढलं नाहीत, शेवटपर्यंत. देवाने काही केलं नाही. आता दोन शेड आहेत.

हा कागद माझ्यापाशीच राहील, कुठे पाठवू? पण एक खोटं राहिलंय. कोंबडा त्या दिवशीच पहिल्यांदा बघितला, असं मी सगळ्यांना सांगितलं. तसं नव्हतं. डॉक्टरांकडून आले त्याच संध्याकाळी खुराड्यात हात घालून मी त्याची पिसं बघितली होती. मग आठ दिवस पावडरीची पुडी तशीच ठेवली. पक्षी अंग टोचत राहिले, मी भावकी जमायची वाट बघत राहिले. एकट्यात सांगितलं असतं तर तुम्ही ऐकलंही असतं, बाबा. मला ते एकट्यात नको होतं.