अस्वलाचा हात

देवळी, रविवार संध्याकाळ

डोकं अजून तापलेलंच आहे. आज दादाच्या घरी सगळे टीव्हीपुढे बसलो होतो, मुलांच्या कार्यक्रमातलं माझं अस्वल बघायला. बारा वर्षं संगीत नाटकात गायले, म्हणूनच हे काम मिळालं ना? शूटिंगला त्या केसाळ पोशाखात घामाघूम होऊन मीच गायले होते. आणि आज अस्वलाने तोंड उघडलं, तर आवाज भलत्याच बाईचा! मला सांगितलंसुद्धा नाही कुणी. दिग्दर्शकाला फोन केला, तर म्हणतो, "ताई, तुमचा आवाज फार मोठा. मुलं दचकतात."

मग काय नुसतं आत उभं राहायला बोलावलं होतं?

दादाची चिमी म्हणाली, "आत्या, अस्वलाचा हात गाण्यासंग काऊन नाई जाऊन राह्यला?"

कारण तो हात माझा आहे. गाताना मी मांडीवर ताल धरते. आवाज बदलला त्यांनी, हात तसाच राहिला.

चिमीने मोबाईलवर तोच भाग पुन्हा लावला आणि आवाज बंद केला. "आता तू म्हण."

म्हटलं. पार शेवटच्या रांगेला ऐकू जावं असं. हात बरोबर समेवर पडत गेला.

चिमी सरकून आणखी जवळ आली. दचकतात म्हणे!