लाल डाग

गुरुवार, संध्याकाळ. आखाडा बाळापूर.

आज मालिकेचं शूटिंग औंढ्याजवळ होतं. मी आईचं काम करतेय. सीनमध्ये माझ्या मांडीवरच्या लेकराला रडायचं होतं आणि ते हसतच राहिलं. ऊन उतरायला लागलं, सगळे खोळंबले. शेवटी मी पदराआडून त्याच्या मांडीला चिमटा घेतला. लाल डाग उठला. ते रडलं. त्याची खरी आई कडेला उभी राहून कौतुकानं बघत होती. चिमटा तिला दिसला नव्हता.

हे मला कोणी शिकवलं? आमच्या तमाशाच्या फडात मायनं मला चार महिन्यांची असताना स्टेजवर नेलं. मी बराबर वेळेवर रडायचे, असं सगळे अजून सांगतात.

घरी आल्याबरोबर मायला विचारलं, "तू मला चिमटे घ्यायचीस का?"

ती लसूण सोलत होती. हात न थांबवता म्हणाली, "व्हय, घ्यायची. अन् मंग मलाच रडू यायचं. लोकायला वाटायचं, बाई काय काम करून राहिली."

मला मात्र आज सेटवर रडू आलं नव्हतं. मी लेकराच्या त्या लाल डागावर पदर ओढला आणि माझं वाक्य बोलले. एकही शब्द चुकला नाही.