सात नंबरची उघड्या चाकांची गाडी

चिंचणी,
४ फेब्रुवारी २०१८

प्रिय हाल्या,

अक्षर ओळखून पत्र चुलीत घालू नकोस, आधी वाच. डोळ्यांना दिसत नसेल तर सुनेकडून वाचून घे.

आपली सात नंबरची शर्यतीची गाडी माझ्या अंगणात उभी आहे. होय, तीच! बोर्डीचे शेठ मागल्या वर्षी गेले, आणि त्यांच्या नातवाला ती वाडीतल्या चिकूच्या खोक्यांमागे सापडली. मुंबईला जुन्या गाड्यांच्या मेळ्यात पळवायची म्हणे, म्हणून दुरुस्तीला माझ्याकडे धाडली. मला विचारतो, काका, हिचं ड्रॉइंग कुठाय? ड्रॉइंग कसलं डोंबलाचं! आम्हा होड्या बांधणाऱ्यांत होडी कधी कागदावर बांधली का कुणी? शेठनी फियाटचं इंजिन दिलं, मी पाइपांचा सांगाडा जोडला, वर पत्रा ठोकला, नाक होडीसारखं निमुळतं काढलं. बसायची जागा तुझ्या अंगावर वितीने मोजली, तेव्हा गुदगुल्यांनी तू नुसता लोळत होतास. शेठ हौसेने बसायला गेले तर कमरेशीच अडकले.

उधव्याचा तू, शेठच्या वाडीत ट्रॅक्टर हाकणारा, आणि मद्रासला विमानांच्या जुन्या धावपट्टीवर त्या विलायती गाड्यांत बिनधास्त घुसलास! पहिल्या शर्यतीत नववा, मग चौथा, पुढच्या वर्षी दुसरा. शेवटच्या शर्यतीत तर एकच फेरी उरलेली आणि तू सगळ्यांच्या पुढे. बोंबलून माझा घसा बसला होता. तेवढ्यात गाडी आचके देत थांबली. तू उतरून म्हणालास, पेट्रोल येत नाही. मी चारचौघांत म्हणालो, टाकी भरलेली आहे, तुझ्यातच दम नाही, घाबरून ॲक्सिलरेटरवरचा पाय काढलास. घरी आल्यावर ट्रॅक्टरची चावीसुद्धा शेठच्या टेबलावर ठेवलीस आणि पुन्हा कधी स्टिअरिंगला हात लावला नाहीस. त्रेचाळीस वर्षं झाली. तुझ्या लेकीच्या लग्नाचं बोलावणं मला आलं नाही, आणि ते बरोबरच होतं.

परवा टाकी उघडली. तळाच्या नळीत पिवळट, चिकट गोळा बसलेला. बोटावर घेऊन वास घेतला, पुन्हा घेतला. राळ, हाल्या! टाकीचा सांधा झिरपत होता, म्हणून शर्यतीच्या आदल्या दिवशी मीच, होडीला करतो तसं, कापूस कोंबून वर राळ थापली होती. समुद्रात वर्षानुवर्षं टिकते, पेट्रोलात विरघळली आणि नळीत जाऊन बसली. होडीवाल्याची अक्कल, दुसरं काय! तू घाबरला नव्हतास रे. मी शेठच्या नातवाला सगळं सांगितलं, आता तुला सांगतोय. माफ कर म्हणायलाही लाज वाटते. टाकी नवी केलीय, वेल्डिंग करून. नातू बसून बघायला गेला, तोही अडकला. त्या जागेत दुसरं कुणी मावत नाही. तुझी एक फेरी राहिलीय. ये. आधी मला पोटभर शिव्या दे, मग बस.

तुझाच,
राळवाला नारू